अर्धं खरं, विहीणबाई

विहीणबाई, तुम्ही वाक्य अर्धं ठेवून गेलात. दवाखान्यातून तुम्ही मला शेवटचा फोन केलात तेव्हा आवाज बारीक झाला होता, पण ठसका तोच. "इहीनबाई, तुमी म्हनत होत्या ते अर्धं खरं हाय. कोनतं अर्धं ते घरी गेल्यावर सांगतो. इथं नर्स बोलू देऊन नाई राहिली." मी म्हटलं, आत्ताच सांगून टाका, मला झोप लागायची नाही. तुम्ही हसलात आणि फोन तुमच्या यजमानांच्या, बापूसाहेबांच्या हातात दिलात. घरी काही आला नाहीत. इतक्या वर्षांत माझं एक म्हणणं तुम्ही पहिल्यांदा कबूल केलंत, तेही निम्मंच, आणि निम्मं कोणतं ते न सांगता निघून गेलात. याला तुमच्या अकोल्यात काय म्हणतात ते मला ठाऊक आहे, पण ते छापण्यासारखं नाही.

दोन विहिणींचा वाद म्हटला की लोकांच्या डोळ्यांपुढे मानपान येतो, साड्या येतात, आहेर येतो. आपला वाद रशियाच्या गॅसचा होता. हे मी मध्यंतरी भेटायला आलेल्या एका बाईंना सांगितलं तर त्यांना वाटलं, दुःखानं माझं डोकं फिरलं. त्यांना काय सांगू? मी जन्मभर अमरावतीच्या कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलं, तुम्ही अकोल्याच्या मुलींच्या शाळेत भूगोल. माझ्या निखिलनं तुमच्या मृणालशी लग्न ठरवलं तेव्हा दोन्ही घरांनी पत्रिका पाहिल्या, पगार पाहिले, उंच्या पाहिल्या. दोघांच्या आया समोरासमोर आल्यावर काय होईल, ते कोणीच पाहिलं नाही.

विहिणीच्या पंगतीत पहिली ठिणगी पडली. मी पाटावर बसलेली, ताटाभोवती रांगोळी, उदबत्तीचा धूर डोळ्यांत जातोय, आणि मुलाची आई म्हणून तोंड जरा फुगवून बसणं माझ्याकडून अपेक्षित होतं. तुम्ही तुपाची वाटी घेऊन वाकलात. मला वाटलं, 'गोड मानून घ्या' म्हणाल. तुम्ही म्हणालात, "तुमी राज्यशास्त्राच्या ना? मंग सांगा, रशियानं क्रिमिया घेतला तरी युरोप गॅस घेणं बंद काहून नाई करत?" हातातला घास हातात राहिला. त्या वर्षी सगळीकडे हाच विषय होता, पण भर पंगतीत, तूप वाढता वाढता? मी म्हटलं, "बंद करता येत नाही म्हणून. आणि रशियालाही विकणं बंद करता येत नाही." तुम्ही वाटी तशीच धरून उभ्या राहिलात. "त्याले काय झालं? तोटी त्याच्या हातात हाय." मागून कोणीतरी ओरडलं, तूप वाढा हो पुढे! तुम्ही पुढे गेलात, पण मान वळवून माझ्याकडे पाहत गेलात. माझी रुसायची वेळ टळून गेली ती गेलीच.

तुमचं म्हणणं साधं होतं आणि तुम्ही ते शेवटपर्यंत सोडलं नाही. देशाचं परराष्ट्र धोरण मंत्री ठरवत नाही, "जमिनीखालचं ठरवते". ज्याच्या पोटात गॅस आणि तेल आहे, तो शेजाऱ्याशी कसा बोलणार हे नकाशावर आधीच लिहिलेलं असतं. जो जवळचा, त्याला स्वस्त. जो रुसला, त्याला महाग. जो फारच वाकडा चालला, त्याची तोटी ऐन थंडीत बंद. रशियानं हे युक्रेनशी आधीही केलेलं होतं, आणि तुम्हाला ते वर्गात शिकवल्यासारखं तोंडपाठ होतं.

माझं म्हणणं उलट होतं. ज्याचा खजिना एकाच वस्तूवर चालतो, तो त्या वस्तूचा मालक राहत नाही, नोकर होतो. फौजेचा पगार, म्हाताऱ्यांची पेन्शन, दूरच्या शहरांतले रस्ते, सगळं त्या तेल-गॅसच्या पैशावर. भाव चढला की राज्यकर्त्याचा आवाज चढतो आणि भाव पडला की सगळंच पडायला लागतं. सोव्हिएत संघाच्या शेवटच्या वर्षांत तेलाचे भाव पडले होते, हे मी तुम्हाला किती वेळा सांगितलं असेल! तुम्ही दर वेळी एकच विचारायच्या, "मंग शीतयुद्धात बी जर्मनीनं त्याईच्याकडून गॅस कायले घेतला?" ते मात्र खरं होतं. रणगाडे एकमेकांकडे तोंड करून उभे असताना त्यांच्या खालून नळी गेली होती. जर्मनीनं पोलादी नळ्या दिल्या, सोव्हिएतांनी गॅस दिला, अमेरिकेनं आदळआपट केली तरी दिला. या एका गोष्टीवर आपण दोघी तासन् तास बोलू शकत होतो, कारण ती तुमच्याही बाजूची होती आणि माझ्याही.

तुम्ही बडनेऱ्याला उतरून रिक्षानं यायच्या तेव्हा तुमच्या एका हातात पिशवी आणि दुसऱ्या हातात कुरडयांचा मोठा ॲल्युमिनियमचा डबा असायचा. दर वैशाखात. आमच्या घरी कुरडया, पापड, सांडगे असलं वाळवण आईच्या मागे कोणी केलं नव्हतं. मला वेळ नव्हता, आणि खरं सांगायचं तर हातही नव्हता. तुमच्या कुरडया तेलात टाकल्या की कढईभर फुलायच्या, पांढऱ्याशुभ्र, आणि त्यांत हिंगाचा असा वास यायचा की समोरच्या देशपांडे वहिनी गॅलरीतून विचारायच्या, अकोला आलं वाटतं? मी कधी मागितल्या नाहीत. मुलाच्या आईनं मागायचं नसतं. मुलीकडून येतं ते आपसूक यावं लागतं, मागून आलं तर त्याचा मान राहत नाही. हा नियम कोणी केला माहीत नाही, पण राज्यशास्त्र शिकवणारी मीही तो मुकाट पाळत होते.

आठवतं, आमच्या स्वयंपाकघरात तुम्ही ताटात कणीक पसरून रशिया काढला होता? सायबेरिया ताटाच्या काठाला, जर्मनी माझ्या बाजूला. मी गवार मोडत बसले होते, तुम्ही माझ्यापुढच्या शेंगा उचलून एकीपुढे एक लावल्या. "हे पाहा, ही नळी. इकडून दाबलं की तिकडं जाते. सोऱ्याचं बी तसंच. दाब कोनाचा ते पाहा, मंग राज्य कोनाचं ते समजते." मी माझ्या टोकाची शेंग उचलून तोंडात टाकली. "आता? मी घेणंच बंद केलं."

"मंग तुमी थंडीनं मरसान."

"आणि तुम्ही त्या गॅसचं काय कराल? हंड्यात भरून ठेवाल?"

"दुसऱ्याले विकीन."

"कसा? नळी तर माझ्याच दारात येते. तेल असतं तर जहाजात घालून कुठेही नेलं असतं. गॅस नळीतून जातो, आणि नळीला पाय नसतात."

तुम्ही कच्ची गवार खाल्ल्याबद्दल मला रागावलात आणि वाद तिथेच राहिला. मी जिंकायला लागले की तुम्ही माझ्या प्रकृतीची चौकशी करायच्या, ही तुमची जुनी खोड. मी अमरावतीत जन्म काढून 'पुण्यावानी' बोलते, ही तुमची दुसरी तक्रार. "एक दिवस तुमच्या तोंडून 'मले' ऐकीन, तवाच मरीन," असं म्हणायच्या. तेवढं तरी थांबायचं होतं.

मग खरंच युद्ध झालं, आणि आपल्या ताटातला जर्मनी एकदम खरा झाला.

निखिल आणि मृणाल तोवर तिथेच राहायला गेलेले, निखिल काचेच्या कारखान्यात. त्याची भट्टी गॅसवर चालते, रात्रंदिवस, वर्षानुवर्षं, कारण ती थंड झाली की आतली काच गोठते आणि भट्टीलाच तडे जातात. त्या वर्षी पावसाळा सरता सरता रशियाचा गॅस आटत आटत जवळजवळ थांबला. कारखान्यानं लोकांना सांगून ठेवलं की हिवाळ्यात गॅस वाटून मिळेल, कोणाला किती ते सांगता येत नाही. मृणालला सातवा लागला होता. तिकडे घरात किती अंशांवर हीटर ठेवायचा यावर सरकार सल्ले देत होतं, आणि ती मला फोनवर हसून सांगायची, आई, मी दोन स्वेटर घालून बसते, वरून बाळाचं एक पांघरूण आहेच.

त्या दिवसांत तुमचा फोन आला. बातम्या पाहून तुम्ही तापलेल्या होत्या. म्हणालात, "मी सांगत नव्हतो? इतके वर्षं फुकटासारखा गॅस घेतला आन वरून त्यालेच शहाणपन शिकवलं. आता समजन त्याईले तोटी काय असते ते." मी म्हटलं, त्यांना काय समजायचं ते समजेल, पण ती भट्टी विझली तर माझ्या पोराची नोकरी जाईल. मग तुमचा आवाज फाटला. "माही पोरगी पोटुशी हाय तिथं. तुमाले काय वाटते, मले भेव नाई वाटत?" आणि मग, ज्याला भीती वाटते तोच जास्त ओरडतो तसं आपण दोघी ओरडलो. मी म्हटलं, देणारे सगळे सारखेच, देतात आणि वरून मान मागतात. तुम्ही म्हणालात, "अस्सं? मंग यंदा पाहू. मी बी तोटी बंद करतो. कुरडया पाह्यजे असतीन तर मागा. मागा, की लगेच देतो."

फोन ठेवल्यावर मला हसूही आलं आणि रडूही. कुठे सायबेरिया, कुठे कुरडया! वाटलं, वैशाखापर्यंत तुमचा राग निवेल. वैशाख आला. डबा आला नाही.

मी मागितल्या नाहीत. तुम्ही पाठवल्या नाहीत.

मी बडनेऱ्याच्या बचत गटाकडून कुरडया आणल्या. वाईट नव्हत्या, महाग होत्या, आणि त्यांत तुमचा हिंग नव्हता. मग ईर्षेनं स्वतः गहू भिजवले. पाणी रोज बदललं, वाटले, गाळले, चीक शिजवला, गच्चीवर घातल्या. वाळल्यावर उचलायला गेले तर हातात चुरा. मृणालनं विचारलं तेव्हा मी सांगितलं, छान झाल्या. तिनं ते तुम्हाला सांगितलं. तुम्ही म्हणालात, "शिकल्या म्हनते? बरं झालं." आणि मृणाल सांगते, तुम्ही लगेच फोन ठेवलात. इकडे तुमचा डबा अकोल्यात भरलेला राहिला. बापूसाहेबांनी श्रावणापर्यंत कुरडयांची भाजी खाल्ली आणि एक दिवस हात जोडले.

आज मला वाटतं, आपण दोघींनी त्या उन्हाळ्यात जे केलं ते वर्गात शिकवायला हवं होतं. तुमचा सिद्धांत खरा असता तर मी लोटांगण घालत आले असते. आले नाही. युरोपही गेला नाही. जहाजांनी अमेरिकेचा, कतारचा द्रवरूप गॅस आणला, दाम मोजून आणला, कारखाने मंद केले, पण हिवाळा काढला. निखिलची भट्टी विझली नाही. माझा सिद्धांत खरा असता तर तुम्हीच डबा घेऊन धावत आल्या असत्या. तुम्हीही आला नाहीत. रशियाही खंगून बसला नाही. तेल जहाजांत घालून त्यानं तोंड पूर्वेला वळवलं, आपल्याकडेही ते स्वस्तात आलं, आणि आपल्या सरकारनं आपलं हित पाहून घेतलं. गॅसचं मात्र माझ्या शेंगेसारखं झालं. पश्चिमेकडे जाणाऱ्या नळ्या रिकाम्या, आणि पूर्वेला नवी नळी टाकायची तर चीन भावासाठी घासाघीस करत निवांत बसलेला. त्याला घाई नाही हे त्याला ठाऊक आहे, आणि विकणाऱ्याला आहे हेही. पूर्वी दादागिरीनं बोलणारा देश आता एका गिऱ्हाइकाशी किती जपून बोलतो, ते पाहिलंत ना? हे कुरडयांशी लावून मला तुमच्याशी बोलायचं होतं. बोललेही असते, पण मग तुम्ही म्हणाला असत्या, कुरडया मागा.

इरा त्या हिवाळ्यातच जन्मली होती आणि आपण दोघी एकाच पडद्यावर आलो होतो. तुमचं पहिलं वाक्य, "नाक आमच्याकडचं हाय." मी म्हटलं, कपाळ आमचं. झालं, बोलणं सुरू. गॅस, तेल, युद्ध, सगळं पुन्हा सुरू झालं. फक्त कुरडयांचं नाव कोणी काढलं नाही. ते एवढं मोठं होऊन बसलं होतं की दोघी त्याला वळसा घालून चालत होतो.

मागच्या दिवाळीत तुम्ही आलात तेव्हा थकलेल्या दिसत होत्या. जिना चढून आल्यावर दाराला टेकून दम घेतलात. मग चहा पुढे सरकवून म्हणालात, "इहीनबाई, सायबेरियातलं तेल माह्या भावाच्या कापसावर सांडलं." तुमचे भाऊ बाळापूरकडे कापूस घेतात. रशियाचं तेल घेता म्हणून अमेरिकेनं आपल्या मालावर जादा कर लावला होता, आणि त्याच दिवसांत इकडे परदेशी कापसावरचं आयात शुल्क काही महिन्यांसाठी उठवलं गेलं. बाजारात भाव बसला. भाऊ तुम्हाला विचारत होते, ताई, तू भूगोल शिकवला ना, हे कसं झालं ते सांग. आणि तुम्ही मला विचारायला आला होत्या.

तेव्हा तुम्ही जे बोललात ते मी विसरणार नाही. म्हणालात, "मले वाटे, तोटी रशियाजवळ हाय म्हनून तो तसा वागते. आता अमेरिका बी गॅस विकून राहिली, साऱ्या दुनियेत जहाजं पाठवून राहिली, आन तिचं बी बोलनं बदललं. दुसऱ्याचं तेल घेऊ नका म्हनते. दुकानदारी कुठं सरते आन धोरन कुठं लागते, ते मले दिसूनच नाई राहिलं." मी म्हटलं, सगळंच दुकानदारीचं नसतं विहीणबाई. युद्ध थांबवायचा दबाव असतो, निवडणुका असतात, देशाचा अहंकार असतो. तेलानं हात मजबूत होतात, पण हात कुठे उचलायचा ते डोकं ठरवतं. तुम्ही खिडकीबाहेर पाहत होत्या. म्हणालात, "असन."

असन! तुमच्या तोंडून 'असेल' मी पहिल्यांदा ऐकलं. मला जिंकल्याचा आनंद झाला नाही, धास्ती वाटली. तुम्ही भांडत नाही म्हणजे तुमचं काहीतरी दुखतंय, हे मला कळायला हवं होतं आणि कळलंही. विचारलं तर म्हणालात, "काई नाई, जिना भल्ला उंच हाय तुमचा."

चैत्रात तुम्ही गेलात.

तेराव्याला अकोल्याला आले. ऊन असं की डांबर पायाला चिकटत होतं. मृणाल इराला घेऊन आली होती, निखिल होता, बाळापूरहून तुमचे भाऊ आले होते. जेवणं झाली. बायका आत बसल्या होत्या, बापूसाहेब दाराशी खुर्चीवर, आणि तुमच्या स्वयंपाकघराच्या फळीवर तो ॲल्युमिनियमचा डबा मला दिसला. मला राहवलं नाही. पाहुण्यांनी भरलेल्या घरात, मुलाची आई असून, मी मोठ्यानं म्हटलं, "बापूसाहेब, मले कुरडया पाह्यजेत."

'मले' म्हटलं, विहीणबाई. ऐकलंत का?

सगळे माझ्याकडे बघायला लागले. बापूसाहेब उठले, फळीवरचा डबा काढला आणि माझ्यापुढे उघडून धरला. रिकामा. म्हणाले, "त्या भांडनाच्या सालानंतर तिनं केल्याच नाई. दरसाल गहू निवडून ठेवे. म्हने, यंदा इहीनबाई मागतीन. मंग वाट पाहून पाहून ते गहू दळून आने." आणि त्यांचा बांध फुटला. मृणालनं मला आत नेलं. मी तुमच्या ओट्याला टेकून उभी राहिले आणि मला एवढंच सुचत होतं की दर वैशाखात रिक्षा वाजली की मीही गॅलरीत यायचे. तुम्ही तिकडे गहू निवडत होत्या, मी इकडे वाट पाहत होते, आणि मधे जेमतेम दोन तासांची गाडी.

तुमच्या घरात आता वर्षभर वाळवण घालायचं नाही. सुतक फिटलं तरी वर्ष पाळतात. दुसऱ्या घरून आलेलं मात्र चालतं. हे तुमच्या जाऊबाईंनी सांगितलं आणि मी तिथेच ठरवलं. मृणालला आणि इराला अमरावतीला घेऊन आले. गहू भिजवले. या वेळी मृणाल शेजारी उभी होती. मी चीक उतरवायला निघाले की म्हणायची, थांबा, माझी आई चकाकी येईपर्यंत ढवळायची. मी त्या वर्षी तिथेच चुकले होते. कच्चाच उतरवला होता. इरानं वाटीभर गरम चीक साखर घालून खाल्ला आणि नाकालाही लावून घेतला. ते तुमच्याकडचं नाक, त्यामुळे मी पुसलं नाही.

परवा सकाळच्या गाडीनं मी कुरडयांनी भरलेला माझा डबा घेऊन अकोल्याला गेले. तुम्ही ज्या दिशेनं यायच्या, त्याच्या उलट. गाडीत बसल्या बसल्या आठवलं, युद्धानंतर युरोपातल्या काही नळ्यांतून गॅस उलटा वाहायला लागला होता. पूर्वेकडून पश्चिमेकडे यायचा तो पश्चिमेकडून पूर्वेकडे जायला लागला. मी तुम्हाला ती बातमी वाचून दाखवली होती आणि तुम्ही म्हणाला होत्या, "नळीले काय दिशा असते? जिकडं गरज, तिकडं जाते." तेव्हा मला ते बोलणं तुमच्याच सिद्धांताच्या विरुद्ध वाटलं होतं. तसं म्हटलं असतं तर तुम्ही पुन्हा माझ्या प्रकृतीची चौकशी केली असती. कदाचित ते अर्धं हेच असेल. कदाचित नसेल. आता मी कोणाला विचारू?

बापूसाहेबांसाठी मीच तळल्या. तुमच्याच कढईत. फुलल्या, तुमच्याइतक्या नाही, पण फुलल्या. त्यांनी एक तोडून खाल्ली, थोडा वेळ चावत राहिले. "खारट झाल्या," म्हणाले. मग दुसरी घेतली. मग तिसरी. आणि माझ्याकडे न पाहता म्हणाले, "पुढच्या साली बी आनजा. मीठ जरा कमी टाकजा."

एवढंच. किती सहज मागितलं त्या माणसानं! ना मान गेला, ना तोटी कोणाच्या हातात होती याचा हिशोब झाला. आपण दोघी एवढ्या शिकलेल्या, जगातल्या नळ्यांची टोकं मोजणाऱ्या, आपल्याला हे एक वाक्य जमलं नाही.

निघताना मी माझा डबा मागितला. ते म्हणाले, "रिकामा कसा देऊ?" घरात गोड काही नव्हतं, वाळवण तर असणारच नव्हतं. स्वयंपाकघरात जाऊन भांडी हलवण्याचा आवाज बराच वेळ येत राहिला. मग डबा माझ्या हातात दिला. जड होता. गाडीत बसल्यावर झाकण उघडलं. आत तुमचा पितळी सोऱ्या होता, पदराच्या तुकड्यात गुंडाळलेला. दांड्यावर तुमच्या हातानं झिजून गुळगुळीत झालेली जागा होती.

विहीणबाई, आता तोटी माझ्या हातात आहे. भांडा ना माझ्याशी.